दादांची पाचवी निवडणूक

माझे वडील सहा वेळा आमदार झाले. पाच निवडणुका त्यांनी स्वतःच्या कष्टावर, जिभेवर आणि माणसं ओळखायच्या हातोटीवर जिंकल्या. राहिलेली एक, क्रमानं पाचवी, त्यांना मी जिंकून दिली. हे मी आज पहिल्यांदा कागदावर लिहिते आहे, आणि घरात कुणी नसतानाही दार लावून घेतलं आहे. या वयात लाज वाटायची थांबत असेल अशी माझी समजूत होती. ती थांबत नाही. नोकरी संपली, मुलं आपापल्या गावी गेली, आता तिला उलट जास्त सवड मिळते.

आमचं घर तालुक्याच्या गावी, कोर्टाच्या मागच्या गल्लीत. दादांनी वकिली सुरू केली तेव्हा दोन खोल्या होत्या, मग पुढे बैठक निघाली, मग बैठकीला लागून ऑफिस. सकाळी साडेसहाला पहिली माणसं यायची. जोडे दारात काढून ती भिंतीला टेकून बसायची आणि खोकत राहायची. तो खोकला, ऑफिसातल्या टाइपरायटरची टकटक आणि स्वयंपाकघरात आईच्या हातातल्या भाकरीचा थपथप आवाज, या तिन्हींवर मला जाग यायची. चहा ॲल्युमिनियमच्या मोठ्या किटलीत व्हायचा आणि ती किटली दुपारपर्यंत चुलीवरून खाली उतरायची नाही. आईनं किती माणसांना चहा पाजला असेल याचा तिनं कधी हिशेब केला नाही, पण कोण बिनसाखरेचा घेतो ते तिला पाठ होतं. निवडणुकीच्या दिवसांत धपाट्यांचं पीठ परातीत नव्हे, घंगाळात मळलं जायचं. कार्यकर्ते उभ्या उभ्या धपाटे आणि दही खाऊन जीपमध्ये बसायचे, आणि त्यांच्या बोटांचे तेलकट ठसे दाराच्या चौकटीवर राहायचे. पुढच्या निवडणुकीपर्यंत आई ते घासत बसायची.

दादांना बाहेर सगळे भाऊसाहेब म्हणत. कोर्टात ते कधी ओरडले नाहीत. बांधाच्या भांडणात, वाटणीच्या दाव्यात समोरचा वकील हातवारे करायचा आणि दादा खाली बघत पेनाचं टोपण फिरवत बसायचे. मग उलटतपासाला उठायचे आणि साक्षीदाराला त्याच्या बैलांचं विचारायचे. पाऊसपाण्याचं, लेकीच्या सासरचं विचारायचे. माणूस सैल व्हायचा. त्याला वाटायचं, हा आपलाच कुणी आहे. दादांचा आवाज आणखी खाली आला की आमचे टायपिस्ट कुलकर्णी हळूच म्हणायचे, "आता गेला." विधवा बाईकडून दादांनी फी घेतली नाही. तालुक्यातल्या निम्म्या माणसांना ते नावानं ओळखायचे. हेही खरं होतं आणि मला ते लिहायचं आहे, कारण त्यांना खलनायक करून मला माझी सुटका करून घ्यायची नाही.

त्यांच्या हाताखाली दहा वर्षं निकम वकील होते. आमचे निकमकाका. त्यांची बायको मालूकाकू माझ्या आईची जिवाभावाची मैत्रीण, आणि त्यांची मुलगी शैला माझ्याच वर्गात. निकमकाकांची विधवा बहीण गंगाआत्या त्यांच्याकडेच राहायची आणि सगळं घर तिच्या अंगावर होतं. शैला आणि मी एकाच ताटात जेवून मोठ्या झालो असं म्हटलं तर ते अगदी खरं आहे. मग निकमकाकांनी स्वतःचं ऑफिस काढलं. दादांनी पेढे दिले. नंतर काकांनी एका धरणग्रस्त गावाची बाजू घेतली, ती दादांच्या पक्षाला अडचणीची होती. पेढे विसरले गेले. दोन्ही घरांचं येणंजाणं बंद झालं. पाचव्या निवडणुकीला निकमकाका दादांच्या विरोधात उभे राहिले.

शैला आणि मी मात्र सुटलो नव्हतो. आम्ही दोघी तेव्हाच्या औरंगाबादला, म्हणजे आजच्या संभाजीनगरला, कॉलेजात जायचो, आणि सकाळची एसटी एकच होती. गावच्या स्टँडवर ती एका टोकाला उभी राहायची, मी दुसऱ्या. गाडी वेशीबाहेर पडली की एका बाकावर यायचो. खुलताबादचा घाट उतरताना गाडी ब्रेकवर कण्हत चालायची आणि आमचं बोलणं तेव्हाच रंगात यायचं. अशाच एका सकाळी तिनं मला तिच्या आईचं सांगितलं.

मालूकाकू दोन वर्षं माहेरी आहेत, त्यांची आई अंथरुणाला खिळली आहे, असं सगळ्या गावाला ठाऊक होतं. ते खोटं होतं. तिसरं मूल जन्मताच गेलं, तेव्हापासून काकू बोलेनाशा झाल्या होत्या. "दिवसदिवस भिंतीकडं तोंड करून बसायची गं," शैला म्हणाली. "एकदा विहिरीपाशी सापडली. आत्यानं धरलं म्हणून." निकमकाकांनी त्यांना पुण्याकडं मनोरुग्णांच्या दवाखान्यात ठेवलं होतं. आता त्या पुष्कळ सावरल्या होत्या. दिवाळीनंतर घरी येणार होत्या. हे सांगताना शैला हसत होती आणि डोळे पुसत होती. "तुझ्याशिवाय कुणाला बोलले नाही. बोलू नको हां, नंदे." मी तिचा हात धरला आणि म्हणाले, "वेडी आहेस का?"

त्या वेळी घरात वेगळीच हवा होती. दादा पडणार असं लोक पहिल्यांदाच उघड बोलत होते. धरणाखालची गावं निकमकाकांकडं गेली होती. बैठकीतली माणसं कमी झाली होती, आणि खोकला कमी झालेला मला झोपेतसुद्धा कळायचा. दादांनी जेवण टाकलं होतं. मी त्यांची थोरली, लाडकी म्हणता येईल अशी, पण त्यांच्याजवळ बसायची पाळी मला कधी येत नसे. त्यांच्याजवळ कायम तालुका बसलेला असायचा. एका सकाळी मात्र बैठकीत कुणी नव्हतं. दादा आत येऊन स्वयंपाकघराच्या उंबऱ्याजवळ पाटावर बसले. आईनं धपाटं वाढलं. मला म्हणाले, "ये, बस."

मी बसले. त्यांनी माझ्या अभ्यासाचं विचारलं. कोणत्या विषयाला कोण सर आहेत, ते विचारलं. एसटीला गर्दी असते का, ते विचारलं.

"शैला असते का गं सोबत?"

"असते."

"चांगली पोरगी आहे. आपल्याच घरात वाढली." त्यांनी तुकडा दह्यात बुडवला. "तिची आई लई दिवस दिसली नाही."

"माहेरी आहेत."

"व्हय, माहेरी. म्हातारी आजारी आहे तिची." थोडं थांबून म्हणाले, "दोन वर्षं आजारी आहे?"

आतून आईचा आवाज आला. "नंदे, इकडं ये जरा. दूध बघ."

"बसू दे तिला," दादा म्हणाले. त्यांचा आवाज अगदी खाली आला होता. "माझ्याजवळ पोरगी कधी बसते? सांग बाळ. काय झालंय वहिनींना? मला काळजी वाटते."

मला तो आवाज ओळखता आला नाही असं मी पुढे कित्येक वर्षं स्वतःला सांगत आले. ते खरं नाही. कोर्टाच्या खिडकीत उभं राहून मी तो आवाज लहानपणापासून ऐकला होता. मला कळलं होतं की हा उलटतपास आहे. पण तो माझा होता. सगळा तालुका सोडून ते माझ्याकडं बघत होते, आणि त्यांना हवं असलेलं काहीतरी माझ्यापाशी होतं. मी सांगितलं. दवाखाना, मूल, विहीर, सगळं. भिंतीकडं तोंड करून बसायच्या, हेसुद्धा. आईनं आत एक भांडं जोरात आपटलं. दादांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि म्हणाले, "बिचारी." मग उरलेलं धपाटं संपवलं. आणखी एक मागून घेतलं.

चार दिवसांनी आठवडी बाजार होता. बाजाराच्या मैदानात दुपारी सभा झाली. मी बायकांच्या बाजूला कनातीजवळ उभी होते. दादा धरणाबद्दल बोलले, रस्त्याबद्दल बोलले, लोक शेंगा फोडत ऐकत होते. मग त्यांनी माइक जवळ ओढला.

"निकम वकिलाबद्दल मी वाईट बोलणार नाय. माझ्या हाताखाली शिकलेलं पोरगं हाय. मला फकस्त एक इचारायचंय. मालूवहिनी कुठं हायेत? माझ्या बहिणीसारख्या हायेत त्या. माहेरी हायेत म्हणत्यात. कुणी पाहिलंय का माहेरी?" शेंगा फोडायच्या थांबल्या. "मी ऐकलं, बोलायच्या बंद झाल्यात. भिंतीकडं तोंड करून बसत्यात. घरच्या लक्ष्मीवर अशी काय येळ आली आसंल? मी काय म्हणत नाय. मी नुसतं इचारतोय."

मैदान एकदम गप्प झालं. मग मागून कुणीतरी शिट्टी मारली, कुणी हसलं, बायका एकमेकींच्या कानाला लागल्या. आणि मला जे वाटलं ते लिहिल्याशिवाय हे प्रकरण लिहिण्यात काही अर्थ नाही. भिंतीकडं तोंड करून, हे माझ्या तोंडचे शब्द होते. एवढ्या मोठ्या मैदानाला गप्प करणारे शब्द दादांना मी दिले होते. माझी छाती भरून आली. फार वेळ नाही, चार-पाच श्वास असेल. त्यानंतर मला भीती वाटली. पण आधी अभिमान वाटला होता.

संध्याकाळपर्यंत निकमकाका बायकोला मारायचे असं झालं. दुसऱ्या दिवशी त्यांनी तिला कोंडून ठेवलं होतं. मतदानाच्या आदल्या दिवशी तर काही गावांत मालूकाकू जिवंतच नव्हत्या. काकांनी खरं सांगायला सभा घेतली. बायको वेडी नाही, आजारी आहे, बरी होते आहे, असं ते माइकवर सांगत होते, आणि लोकांनी त्यातला एकच शब्द उचलला. दादा मोठ्या मतांनी निवडून आले.

निकालाच्या दिवशी आईनं दादांना ओवाळलं. गुलालानं भरलेल्या त्यांच्या कपाळावर तिनं कुंकू लावलं, पण नजर त्यांच्या कॉलरवर ठेवली. गर्दी पांगल्यावर तिनं मला माजघरात बोलावलं. ती तांदूळ निवडत होती. वर न बघता म्हणाली, "मला दोन वर्षं ठाऊक होतं."

"काय?"

"मालूचं. मी दोनदा भेटून आले तिला. गंगाआत्यानं नेलं होतं. निकम भावजींना ठाऊक नाही, तुझ्या दादांना तर नाहीच. बहिणीकडं जाते म्हणून गेले होते." तिनं एक खडा काढून बाजूला ठेवला. "दोन वर्षं ह्या घरात, ह्या माणसाशेजारी राहून मी तोंड मिटून बसले, नंदे. तुला चार दिवस जमलं नाही?"

माझी कॉलेजला जायची हिंमत होत नव्हती. गेले तेव्हा एसटीतून माझ्याआधी उतरलेली शैला कॉलेजच्या गेटपाशी उभी होती. तिचे डोळे कोरडे होते. तिनं एकच विचारलं, "तू सांगितलंस?"

"नाही. शप्पथ नाही."

ती बघत राहिली. तिचं बघणं मला सहन झालं नाही आणि मी पुढचं बोलले. "तुझी आत्या माझ्या आईला दवाखान्यात घेऊन गेली होती. दोनदा. तुला ठाऊक आहे का? आणखी कुणाकुणाला बोलली असेल, काय सांगावं. मी काही म्हणत नाही. नुसतं विचारते."

बोलून झाल्यावर मला कळलं की मी कुणाच्या भाषेत बोलले. आईनं विश्वासानं सांगितलेली एकमेव गोष्ट मी आठवड्याच्या आत खर्च केली होती. शैला वळून निघून गेली. त्या दिवशी परतीच्या गाडीत ती पुढच्या बाकावर बसली.

त्याच महिन्यात निकमकाकांनी गंगाआत्याला तिच्या सासरकडच्या पुतण्याकडं सोयगावला पोचवून दिलं. जिनं मालूकाकूंना विहिरीच्या काठावरून ओढलं तिला. घरातली गोष्ट बाहेर नेणारी बाई म्हणून. पुढे काका घर बंद करून नाशिककडं गेले आणि मालूकाकू दवाखान्यातून थेट तिकडंच गेल्या. शैलाचं कॉलेज सुटलं. आई मालूकाकूंना पत्रं लिहायची. एकाचंही उत्तर आलं नाही. का येत नाही, ते मला ठाऊक होतं; गेटपाशी मी आईचंही नाव घेतलं होतं. आईला नव्हतं. मरेपर्यंत नव्हतं.

मी शिकले, लग्न झालं, शिक्षिका झाले. एकदा बोर्डाच्या परीक्षेच्या कामावर माझी नेमणूक सोयगावला झाली. तीन दिवस मी आत्याच्या गल्लीच्या तोंडाशी जाऊन परत फिरले. चौथ्या दिवशी गेले. गंगाआत्या ओट्यावर तुरी पाखडत बसली होती. पाठीत वाकली होती, पण तिनं मला लगेच ओळखलं.

"भाऊसाहेबाची नंदा नव्हं का तू? ये, माय, ये. केवढी झालीस!"

तिनं मला उठू दिलं नाही. चुलीवर पिठलं टाकलं, भाकरी थापली. जेवता जेवता सांगू लागली की निराधार योजनेचा पगार तिला दादांनी चालू करून दिला. तहसीलला फेऱ्या मारून थकली होती, मग दादा दौऱ्यावर आले तेव्हा त्यांनी गर्दीत तिला हाक मारली आणि तिथल्या तिथं चिठ्ठी लिहून दिली. "लई मोठं मन हाय बग तुझ्या बापाचं. भाऊ इचारीना, पर त्यानं इचारलं." दादांनी ते पश्चात्तापानं केलं की सवयीनं, मला आजही सांगता येणार नाही. त्यांना विचारायचं धाडस मला झालं नाही. विचारलं असतं तर त्यांनीही मला विचारलं असतं.

मी निघाले तेव्हा आत्या गल्लीच्या तोंडापर्यंत आली. माझं मनगट धरून म्हणाली, "एक काम कर, बाई. शैली कधी भेटली तर तिला सांग, मी कुणापाशी बोलले नव्हते. तुझ्या आईला नेलं तेवढं खरं. पर ती सोन्यासारखी बाई. आमच्या दोघींच्या तोंडून नाय गेलं. भावानं इचारलंसुदिक नाय गं. नुसतं गाठोडं बांध म्हनला."

तिथं, त्या गल्लीत, भर उन्हात, मला सांगता आलं असतं. आजूबाजूला कुणी नव्हतं. मी म्हणाले, "सांगीन, आत्या."

सांगितलं नाही. आत्या पुढे चार वर्षांनी गेली. दादा सहाव्यांदा निवडून आले, मग पक्षानं तिकीट नाकारलं, मग ते पुन्हा काळा कोट घालून कोर्टात जाऊ लागले आणि तिथंच एका दुपारी बाररूममध्ये खुर्चीत गेले. शोकसभेत मी बोलले. माणसाचं ऐकून घ्यावं ते दादांनी, असं म्हणाले. लोकांनी डोळे पुसले. मीही पुसले. ते भाषण पुढे त्यांच्या स्मृतिग्रंथात छापलं आहे, आणि कुणी घरी आलं की हातात घेऊन वाचतं, तेव्हा मी चहा करायला आत जाते.

या वर्षी जुन्या वर्गमित्रांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर शैलाचा नंबर आला. दोन महिने मी तो नुसता बघत होते. मग एका सकाळी फोन केला. इकडचं तिकडचं न बोलता सगळं सांगितलं. उंबरा, धपाटं, मैदान, गेटपाशी घेतलेली शपथ, सोयगाव, आत्याचा निरोप. तिनं मध्ये एकदाही तोडलं नाही. तिच्याकडं कुकरची शिट्टी झाली, तिनं गॅस बंद केला असावा, परत फोनपाशी आली.

"तू सांगितलंस हे मला त्याच दिवशी कळलं होतं," ती म्हणाली. "भिंतीकडं तोंड करून. ते मी फक्त तुझ्यापाशी बोलले होते."

"मग गेटपाशी का विचारलंस?"

"तू हो म्हणशील म्हणून."

मी म्हणाले, "मग आत्याचं?"

"बाबा विचारत होते, कुणाच्या तोंडून गेलं. तुझं नाव घेतलं असतं तर मी तुला सांगितलं, हे सांगावं लागलं असतं. तू आत्याचं नाव हातात दिलंस. मी ते बाबांना दिलं." मग म्हणाली, "ती बोलली नव्हती हे मला ठाऊक होतं. तिचा निरोप मला नको होता गं, नंदे. ती गेल्याचं कळलं तेव्हासुद्धा मी गेले नाही. कोणत्या तोंडानं जाणार?"

खरं सांगायचं तर ते ऐकून मला हलकं वाटलं. इतकी वर्षं एकटीनं वाहिलेलं ओझं कुणीतरी एका बाजूनं उचललं, तसं. आणि त्या हलकेपणाची मला जी लाज वाटली, ती आजवरच्या सगळ्या लाजेपेक्षा वाईट होती. गंगाआत्यानं सोयगावच्या ओट्यावर आयुष्य काढलं, आणि आम्ही दोघी म्हाताऱ्या फोनवर एकमेकींना सावरत होतो.

आत्याबद्दल आम्ही त्यापुढं काही बोललो नाही. शैलानं माझ्या गुडघ्यांची चौकशी केली. मी तिच्या नातवाचं नाव विचारलं. ती म्हणाली, "फोन करत जा." मी म्हणाले, "करीन."